कच्च्या कैद्याचा पाय

डॉक्टरांनी पायाला गुंडाळलेली चिंधी कापली आणि सुजलेल्या पोटरीवर दोन बोटं दाबली. कातडीखालून बारीक आवाज आला, सुका पाचोळा चुरगळावा तसा. त्यांनी आणखी वर दाबून पाहिलं. तिथंही तोच आवाज. मग ते उठले, हात धुवायला पाणी मागितलं आणि माझ्याकडे न बघता म्हणाले, "गँग्रीन. पाय जाणार. आजच्या आज हलवलात तर माणूस राहील."

गँग्रीन म्हणजे माणूस जिवंत असताना त्याच्या अंगाचा एक भाग मरतो आणि कुजू लागतो. ते कुजणं थांबत नाही, वर चढत जातं. तो शब्द मी त्या दिवशी पहिल्यांदा ऐकला. पण हे कुजणं तीन दिवस चालू होतं आणि ते कुणामुळे चालू राहिलं, हे डॉक्टरांच्या आधीपासून मला ठाऊक होतं.

त्या गोष्टीला आता सोळा वर्षं झाली. या वर्षांत मी ती कचेरीत कुणाला सांगितली नाही, घरी बायकोलाही नाही. खटला उभा राहण्याआधी ज्यांचं माणूस कोठडीत आजारी पडलं आहे त्यांच्यासाठी मी हे लिहितो आहे. माझ्यासारखे जे कोठडीबाहेर टेबलाशी बसतात, त्यांनीही वाचावं.

मी तेव्हा कर्जत आणि खालापूर यांच्या मधल्या पट्ट्यात एका लहान कचेरीत कारकून होतो. गावाचं नाव लिहीत नाही. तिथं आता दुसरी माणसं आहेत, त्यांचा यात दोष नाही. कचेरीच्या मागे एक कोठडी होती. तिच्यात कच्चे कैदी ठेवत. कच्चा म्हणजे ज्याचा गुन्हा अजून शाबीत झालेला नाही असा. न्यायनिवाडा करणारे साहेब फिरतीवर असत. त्यांचे तंबू आमच्या बाजूला आले की खटले चालत. तोपर्यंत कैद्यानं वाट पाहायची. कधी चार दिवस, कधी महिना.

कैद्यांचं रजिस्टर माझ्या ताब्यात होतं. आत आलेल्या माणसाचं नाव, गाव, अंगावरच्या खुणा, प्रकृती. कच्चा कैदी आजारी पडला तर त्याच दिवशी दवाखान्याच्या डॉक्टरांना याद पाठवायची, म्हणजे चिठ्ठी लिहून कळवायचं, असा स्पष्ट नियम होता. तो मला पाठ होता. पण आजारी कोण आणि सोंग कुणाचं, हे याद लिहिण्याआधी ठरायचं, आणि ते ठरवायचो मी.

त्याला एक कारण घडलं होतं. आदल्या वर्षी एका कैद्यानं हाताला बिब्ब्याचं तेल चोळून घेतलं. बिब्बा ज्यांना ठाऊक आहे त्यांना सांगायला नको. कातडी काळी पडते, फोड येतात, अंग सुजतं. मी घाबरून याद लिहिली, त्याला दवाखान्यात नेलं, आणि तिथून तो खिडकीतून पसार झाला. वरून मला लेखी ठपका आला. त्या दिवसापासून बिब्ब्याचा डाग दिसला की मी सोंग समजत असे. आमच्या कचेरीत अशा कैद्याला आम्ही हसून 'बिबेवाला' म्हणायचो.

दिवाळी होऊन थोडे दिवस झाले होते. सोमवारी सकाळी जंगलखात्याच्या शिपायांनी गोमा नावाच्या एका ठाकराला आणलं. कशेळ्याच्या वर डोंगरात त्याची वाडी. राखीव जंगलातला साग तोडला असा आरोप. वय पस्तिशीचं, अंगानं काटक. लंगडत होता. उजव्या तळव्याला जखम होती आणि तिच्याभोवती बिब्ब्याचा काळा चट्टा.

मी विचारलं, "पायाला काय झालं?"

"येळूचा खुट गेलाय, दादा. ठणकतोय लई." म्हणजे तोडलेल्या बांबूचा टोकदार बुडखा पायात घुसला होता.

ठाकर माणूस समोर कुणीही असो, अरेतुरेच बोलतो. त्यात अपमान नसतो. मला मात्र त्या दिवशी तो तोऱ्यात बोलतो आहे असं वाटलं. मी रजिस्टरात लिहिलं: तळव्यास बिब्बा लावून सूज आणली आहे. सोंग.

मंगळवारी दुपारी त्याची बायको सोमी नाचणीच्या भाकऱ्या घेऊन आली. कच्च्या कैद्याला घरचं अन्न चालत असे. ती कोठडीपाशी बसली, पाय पाहिला आणि सरळ माझ्या टेबलाशी आली.

"दादा, त्याला डाक्तर दाव. पाय तापलाय भट्टीवानी."

मी म्हणालो, "बिब्बा लावला की तापणारच."

"बिबा मीच लावलाय रं! खुट घुसला तवा तापवून शेक दिला. आमच्यात काट्याला बिबाच लावत्यात. तुज्या घरी काय लावत्यात?"

 ती खरं सांगत होती, हे मला त्याच क्षणी कळलं. डोंगरात काटा मोडला, सांधा धरला, पाय मुरगळला, तर पहिला बिब्बाच येतो. इतकी वर्षं त्या भागात काढून मला ते ठाऊक नव्हतं असं नाही. मी ते रजिस्टर लिहिताना आठवलं नव्हतं, एवढंच.

आता इथं माझा गुन्हा सुरू होतो. पहिला शब्द मी चुकून लिहिला. पुढचं चुकून झालं नाही.

रजिस्टरात खाडाखोड करायची तर शेजारी कारण लिहून सही करावी लागे, आणि महिनाअखेर ते पान वर जाई. आदल्या वर्षी सोंग ओळखलं नाही म्हणून ठपका. आता सोंग नसताना सोंग लिहिलं म्हणून दुसरा. मी मनाशी म्हटलं, एक दिवस पाहू. सूज आपोआप उतरली तर खोडायला नको. मंगळवारच्या रकान्यात मी लिहिलं: तक्रार नाही.

सोमीला म्हणालो, "बघतो. तू जा."

ती गेली नाही. कचेरीसमोरच्या आंब्याखाली बसून राहिली.

बुधवारी आमचे हवालदार आले. दिसायला दांडगट, पण मनानं फार सरळ माणूस. म्हणाले, "कारकून, याद लिवा. त्याची पोटरी पार फुगलीय. ह्ये सोंग न्हाय."

"तुम्ही डॉक्टर आहात का?"

"न्हाय. पण वास येतो मला. तुमचं टेबल लांब हाय म्हून तुमाला येत नसंल."

मी रागावलो. दोन दिवस वाट पाहून आज याद लिहिली, तर आधी का लिहिली नाही हे विचारणार. उशीर लपवायला आणखी उशीर, असं ते चक्र होतं. बुधवारच्या रकान्यातही मी लिहिलं: तक्रार नाही. आत गोमा कण्हत होता, ते मला टेबलाशी ऐकू येत होतं.

गुरुवारी उजाडता हवालदार याद नसतानाच दवाखान्याकडे चालत गेले आणि डॉक्टरांना घेऊन आले. हुद्द्यानं ते हॉस्पिटल असिस्टंट होते, लोक डॉक्टरच म्हणत. मग जे झालं ते वर लिहिलंच आहे.

हात पुसून डॉक्टरांनी रजिस्टर मागितलं. पान वाचलं.

"हे सोंग कुणी ठरवलं?"

उत्तराची वाट न पाहता त्यांनी खालच्या रकान्यांवर बोट ठेवलं.

"ही सूज निदान तीन दिवसांची आहे. इथं दोन दिवस तक्रार नाही असं लिहिलंय. माणूस खरंच काही बोलला नाही?"

मी म्हणालो, "नाही. त्यानं काही सांगितलं नाही."

हवालदारांनी मान खाली घातली. मी त्यांचा वरिष्ठ नव्हतो, पण कागद माझे होते. डॉक्टर कोठडीत वाकले आणि त्यांनी खुद्द गोमाला विचारलं, "काय रे, दुखतंय असं कुणाला सांगितलं होतंस का?"

गोमाचे डोळे तापानं लाल झाले होते. त्यानं माझ्याकडे पाहिलं. मग डॉक्टरांना म्हणाला, "न्हाय. मी न्हाय सांगितलं."

माझा जीव भांड्यात पडला. हे वाक्य लिहिताना मला लाज वाटते, पण त्या क्षणी मला आनंदच झाला होता.

डॉक्टर बाहेर येऊन हळू आवाजात म्हणाले, "तो काय म्हणतो ते मी लिहून घेईन. पण एक सांगतो. कच्चा कैदी हा अजून नुसता थांबवून ठेवलेला माणूस असतो. त्याला शिक्षा झालेली नसते. तो जसा आत आला, तसा तुम्ही त्याला साहेबांपुढे उभा करायला बांधलेले आहात. आता हा उभा कसा राहणार?"

बैलगाडीत गवत पसरून आम्ही त्याला कर्जत स्टेशनावर नेलं. कागदपत्रं घेऊन मला बरोबर जाणं भाग होतं. सोमीचं तिकीट हवालदारांनी काढलं. डब्यात वासानं माणसं उठून दुसरीकडे गेली. सोमी नवऱ्याचं डोकं मांडीवर घेऊन बसली होती.  दर स्टेशनाला मी खिडकीतून बाहेर पाहत होतो आणि मनात मोजत होतो की कुजणं आता गुडघ्याच्या किती जवळ आलं असेल.

मोठ्या इस्पितळात गोऱ्या सर्जनसाहेबांनी पाय पाहिला आणि दिवे लागायच्या आत शस्त्रक्रिया ठरवली. अँप्युटेशन, म्हणजे अवयव कापून काढणं. गुडघ्याच्या वरून. आधी क्लोरोफॉर्म हुंगवतात, त्यानं माणूस झोपतो आणि दुखणं कळत नाही. सोमीला हे कंपाउंडरनं समजावून सांगितलं. तिनं विचारलं, "जागा हुईल ना?" कंपाउंडर म्हणाला, "बहुतेक."

आम्ही दोघं व्हरांड्यात बसलो. ती एका टोकाला, मी दुसऱ्या. आतून धातूच्या तबकाचा आवाज येई आणि थांबे. कार्बोलिकचा उग्र वास बाहेरपर्यंत येत होता. ते औषध जखमेत कीड होऊ नये म्हणून वापरतात. मी देवाचं नाव घ्यायचा प्रयत्न केला, पण मनात दुसरंच येत होतं. हा मेला तर चौकशी होईल. आणि त्याच्यामागोमाग आणखी वाईट विचार: मेला तर बोलणारं कुणी उरणार नाही. असा विचार माझ्या डोक्यात आला होता, हे मी आज कबूल करतो.

तो जागा झाला. पण सर्जनसाहेब म्हणाले, आठ दिवस काही सांगता येणार नाही.

कैद्याचे कागद माझ्याकडे असल्यानं त्या आठ दिवसांतले सहा मी तिथं होतो. दुसऱ्या दिवशी ताप एकशे चारावर गेला. तो बरळू लागला. डॉक्टरी भाषेत त्याला डिलिरियम म्हणतात, आपण वात झाला म्हणतो. बरळण्यात तो शिपायांना सांगत होता, "पडलेलं लाकूड हाय रं, उभं झाड न्हाय तोडलं." मी शेजारी बसून ऐकत होतो आणि तो माझं नाव घेतो का, याकडे कान लावून होतो.

तिसऱ्या दिवशी पोलीस शिपाई आला आणि नियमाप्रमाणे कैद्याच्या उरलेल्या पायात बेडी अडकवून ती खाटेला बांधली. सर्जनसाहेब फेरीला आले. बेडी पाहून त्यांनी मोडक्या मराठीत शिपायाला विचारलं, "हा पळटो कुठे?" आणि ती काढायला लावली.

पाचव्या दिवशी ताप उतरू लागला. स्टंप, म्हणजे कापून उरलेला भाग, लाल पण स्वच्छ होता. त्या दुपारी गोमा बायकोला म्हणाला, "अंगठ्याला मुंग्या लागल्यात. झाड गं."

सोमीनं एकवार त्याच्याकडे पाहिलं. मग चादरीवर जिथं पाय असायला हवा होता, तिथली रिकामी जागा तिनं हातानं झटकली.

"गेल्या का?"

"गेल्या," तो म्हणाला आणि झोपला.

मी उठून व्हरांड्यात गेलो. नंतर एका डॉक्टरांनी सांगितलं की कापलेल्या अवयवाची जाणीव पुष्कळ दिवस राहते, त्यात वेड लागण्यासारखं काही नसतं. तुमच्या माणसाला असं झालं तर त्याला खोटं पाडू नका.

दीड महिन्यानं कुबड्यांवर उभा करून गोमाला साहेबांच्या तंबूत नेलं. खटला फार वेळ चालला नाही. लाकूड वाळून पडलेलं होतं, नांगरासाठी नेलं होतं, आणि ते न्यायला वाडीला परवानगी होती. साहेबांनी त्याला सोडून दिलं. कुबड्या टेकत तो तंबूबाहेर आला. हवालदारांनी त्याला गाडीत बसवलं. ते माझ्याशी कामापुरतंच बोलत होते, आणि पुढच्या वर्षी त्यांनी बदली मागून घेतली.

मला ठपका आला नाही. गोमाच्या एका वाक्यानं मी वाचलो होतो.

पुढे मी बदललो असं लोक म्हणत. माझ्या कोठडीत रोज सकाळी मी स्वतः आत जाऊन प्रत्येकाला विचारत असे, आणि शंका आली की याद पाठवत असे. दोनदा सोंगं निघाली. निघू देत. लोकांना वाटे, कारकून धार्मिक झाला. मी मनात एक समजूत बाळगून होतो: त्या डोंगरातल्या माणसानं माझ्यावर उपकार केला, मोठ्या मनानं मला पदरात घेतलं. ही समजूत मला फार सुखाची होती.

गेल्या वर्षी नोकरी संपली. हिवाळ्यात मी कशेळ्याच्या बाजाराला गेलो आणि तिथून विचारत विचारत त्याच्या वाडीवर चढलो. गोमा अंगणात बसून कुडाच्या काठ्या तासत होता. केस पिकले होते. मला ओळखायला त्याला वेळ लागला.

"कारकून व्हय! म्हातारा झालास की रं."

मी सगळं सांगितलं. सोमीनं सांगूनही मी पान खोडलं नाही, हे सांगितलं. डॉक्टरांपुढे खोटं बोललो, हे सांगितलं. मग म्हणालो, "आणि तू मला वाचवलंस. एवढा उपकार..."

सोमी दारातून हसली. "आयकलंस का? उपकार म्हनतोय."

गोमानं कोयता खाली ठेवला. "उपकार कसला, दादा? डाक्तर घटकाभरानं जानार व्हता. तू तिथंच ऱ्हानार व्हतास. किल्ली तुज्या लोकांकडं, पानी तुज्या लोकांकडं. तुज्या तोंडावर तुला खोटा पाडला आसता, तर माजं काय केलं आसतंस?"

 सोळा वर्षं मी ज्याला दया समजत होतो, ती भीती होती. अंगात ताप, पाय कुजलेला, आणि त्या अवस्थेतही त्या माणसाला माझी भीती वाटत होती.

मी म्हणालो, "मला माफ कर."

"ते ऱ्हाऊ दे," तो म्हणाला. "लिवायचं सामान आनलंस का?"

त्याचा जावई चार दिवसांपासून दुसऱ्या एका कोठडीत होता. मोहाच्या दारूचा आरोप. त्याला हुडहुडी भरून ताप येत होता, आणि सोमी दोनदा जाऊन आली तर तिथला माणूस म्हणाला होता, नाटक आहे.

मी तिथंच अंगणात बसून अर्ज लिहिला. कैद्याचं नाव, कधीपासून आत आहे, ताप कधी येतो, कधी उतरतो, काय खातो, काय ओकतो. सोमी सांगत गेली तसं लिहिलं. शेवटी लिहिलं की हा कच्चा कैदी आहे, म्हणून नियमाप्रमाणे आजच डॉक्टरांना कळवावं, आणि न कळवल्यास कारण लेखी द्यावं. हे शेवटचं वाक्य विसरू नका. कारण लेखी मागितलं की टेबलाशी बसलेल्या माणसाला घाम फुटतो, हे मी अनुभवानं सांगतो.

अर्ज घेऊन मी सोमीबरोबर गेलो. तिथला कारकून तरुण होता. मी कोण ते कळल्यावर मोकळेपणी हसला. "काका, तुम्हाला काय सांगायचं? ही माणसं कशी असतात ते तुम्हाला ठाऊकच आहे."

"ठाऊक आहे," मी म्हणालो, "म्हणूनच बसतो इथं." आणि याद जाईपर्यंत बाकावर बसून राहिलो.

डॉक्टर दुपारी आले. जावयाची प्लीहा, म्हणजे डाव्या बरगडीखालचा अवयव, हाताला लागण्याइतकी वाढली होती. मलेरिया, म्हणजे आपला हिवताप. क्विनीन सुरू झालं. आठवड्यानं तो आपल्या पायांनी चालत तंबूत गेला.

गोमानं माझे आभार मानले नाहीत. त्यानं मला माफही केलेलं नाही, आणि आता मी ते पुन्हा मागणार नाही. त्याचे आभार मात्र मी मानतो. त्यानं मला रडत बसू दिलं नाही. कामाला लावलं.

आता बाजाराच्या दिवशी मी कशेळ्याला एका वाण्याच्या ओट्यावर बसतो. मागच्या बाजारी एक बाई आली. मी तिला कधी पाहिलं नव्हतं. तिचा भाऊ आत होता आणि त्याला रक्ताची हगवण लागली होती.

"गोमा लंगड्यानं धाडलंय," ती म्हणाली. "म्हनला, तितं एक कारकून बसतो, त्याच्याकडनं लिवून घे. पन वाचून दावायला सांग म्हनला. पयलं तो खोटं लिवायचा."

मी अर्ज लिहिला आणि तिला वाचून दाखवला. ती म्हणाली, "पुन्यांदा वाच." मी पुन्हा वाचला.